थप्पड बसली आणि हिरोईनची खलनायिका झाली, ललिता पवारांची गोष्ट एवढीच नाहीये

२८ मार्च २०२०. लॉकडाऊन लागून जेमतेम चार दिवस झाले होते. सगळा देश घरात बसून होता आणि वेळ जाता जात नव्हता. अशात दूरदर्शनने रामानंद सागर यांचं ‘रामायण’ पुन्हा दाखवायला सुरुवात केली. १९८७-८८ मध्ये रविवारी सकाळी लवकर आंघोळी उरकून, टीव्हीला हार घालून ज्यांनी ही मालिका पाहिली होती, ते आता आजी-आजोबा झाले होते. शेजारी मोबाईल हातात घेऊन नातवंडं बसली होती.

रामाच्या राज्याभिषेकाची तयारी सुरू होते आणि कैकेयीच्या महालात एक कुबड आलेली म्हातारी दासी येते. कैकेयीला दशरथाने दिलेल्या दोन वरांची आठवण करून देते. थोड्याच वेळात अयोध्येचं सगळं चित्र पालटलेलं असतं.

नातवंडांसाठी ती मंथरा होती. आजी-आजोबांसाठी ती ललिता पवार होती.

आजही महाराष्ट्रातल्या कितीतरी घरांत हे नाव विशेषणासारखं वापरलं जातं. सासू जरा खाष्ट निघाली, शेजारीण जरा खवचट बोलली, की लोक ललिता पवारांचं नाव घेऊन मोकळे होतात. अनेकांनी त्यांचा एकही सिनेमा पूर्ण पाहिलेला नसतो, तरी नावाचा अर्थ सगळ्यांना कळतो.

सोशल मीडियावर त्यांच्याबद्दल एकच गोष्ट फिरत असते. एका सिनेमाच्या शूटिंगला सहकलाकाराने जोरात थोबाडीत मारली, डोळा अधू झाला, हिरोईनचं करिअर संपलं आणि त्या खलनायिका झाल्या. 

घटना खरी आहे. पण गोष्ट तिथे संपवली तर अनेक दशकांच्या कामाचं सगळं श्रेय एका अपघाताला जातं. म्हणूनच ही गोष्ट थपडेच्या आधीपासून आणि थपडेच्या नंतरही सांगायला हवी.

येवल्याची अंबा

१८ एप्रिल १९१६ रोजी नाशिक जिल्ह्यातल्या येवल्यात त्यांचा जन्म झाला. येवलं म्हटलं की आपल्याला पैठणी आठवते. त्यांच्या वडिलांचा, लक्ष्मणराव सगुण यांचा व्यवसायही रेशमी आणि सुती कापडाशी जोडलेला होता. घरची परिस्थिती चांगली होती. मुलीचं नाव ठेवलं अंबा.

तो काळ मूकपटांचा होता. दादासाहेब फाळक्यांनी १९१३ मध्ये ‘राजा हरिश्चंद्र’ काढला, तेव्हा तारामतीच्या भूमिकेसाठी त्यांना बाई मिळाली नव्हती. शेवटी अण्णा साळुंके नावाच्या पुरुषाने ती भूमिका केली. सिनेमात काम करणं हे घरंदाज बायकांचं काम नाही, असं समाजाचं स्पष्ट मत होतं.

त्यानंतर पंधरा वर्षांनी, १९२८ मध्ये, ‘राजा हरिश्चंद्र’ याच नावाचा आणखी एक मूकपट आला. अंबाचा पहिला सिनेमा म्हणून त्याची नोंद होते. असं सांगितलं जातं की वडिलांसोबत पुण्याला गेली असताना ती शूटिंग बघायला थांबली आणि दिग्दर्शक नानासाहेब सरपोतदारांची नजर तिच्यावर पडली. सरपोतदारांची आर्यन फिल्म कंपनी तेव्हा पुण्यात मूकपट काढायची. लहान मुलीला काम मिळालं आणि येवल्याची अंबा कॅमेऱ्यासमोर उभी राहिली.

पुढे पडद्यावर तिचं नाव ललिता झालं. दिग्दर्शक ग. प. पवार यांच्याशी लग्न झालं आणि ललिता पवार हे नाव तयार झालं.

इथे एक गोष्ट लक्षात घेण्यासारखी आहे. ‘सासू’ म्हणून माहीत असलेल्या या बाई तिशीच्या दशकात रीतसर हिरोईन होत्या. मूकपटांत त्यांनी कामं केली, स्टंटपटांत कामं केली, पौराणिक सिनेमे केले. १९३५ च्या ‘हिम्मत-ए-मर्दा’मुळे त्यांचं नाव झालं.

त्यांना फक्त कॅमेऱ्यासमोर उभं राहायचं नव्हतं. १९३२ च्या ‘कैलाश’ या मूकपटात त्यांनी काम तर केलंच, शिवाय त्या सहनिर्मात्याही होत्या. १९३१ मध्ये ‘आलम आरा’ आला होता, पडदा बोलायला लागला होता आणि मूकपटांचे दिवस भरत आले होते. अशा वेळी सोळा वर्षांची मुलगी सिनेमाच्या निर्मितीत उतरत होती. पुढे त्यांनी ‘दुनिया क्या है’ या बोलपटाची निर्मिती केली. त्याची कथा लिओ टॉलस्टॉयच्या ‘रिझरेक्शन’ या कादंबरीवरून घेतलेली होती. स्टंटपटांची हिरोईन रशियन कादंबरीवर सिनेमा काढते, यावरूनच तिची नजर कुठे होती हे कळतं.

मराठीतही काम सुरू होतं. भालजी पेंढारकरांचा ‘नेताजी पालकर’, वि. स. खांडेकरांची कथा असलेला आणि मास्टर विनायकांनी दिग्दर्शित केलेला ‘अमृत’ या सिनेमांत त्या होत्या. म्हणजे १९४१ पर्यंत मराठी आणि हिंदी दोन्हीकडे त्यांचा जम बसलेला होता. वय होतं पंचवीस.

‘जंग-ए-आजादी’च्या सेटवर काय झालं

१९४२ मध्ये ‘जंग-ए-आजादी’ नावाच्या सिनेमाचं शूटिंग सुरू होतं. सोबत होते मास्टर भगवान, म्हणजेच पुढे ‘अलबेला’मुळे घराघरांत पोहोचलेले भगवानदादा. एका प्रसंगात त्यांनी ललिता पवारांना थोबाडीत मारायची होती.

अशा प्रसंगात मार खरा नसतो. हात गालाजवळून जातो, समोरचा कलाकार त्या क्षणी मान फिरवतो आणि बाकीचं काम कॅमेऱ्याचा कोन करतो. दोघांची वेळ जुळली नाही की मात्र मार खरा बसतो. त्या दिवशी तो खरा बसला आणि जोरात बसला.

त्यांच्या चेहऱ्याच्या डाव्या बाजूला अर्धांगवायू झाला. डाव्या डोळ्याला इजा झाली. उपचार बराच काळ चालले. चेहरा सावरला, पण डावा डोळा कायमचा अधू झाला. तो किंचित बारीक, अर्धवट मिटल्यासारखा दिसू लागला.

हिरोईनसाठी चेहरा हेच भांडवल असतं. त्या काळात तर जास्तच. तेव्हा ना आजच्यासारखी प्लास्टिक सर्जरी होती, ना शूटिंग झाल्यावर कॉम्प्युटरवर चेहरा दुरुस्त करायची सोय. सव्वीसाव्या वर्षी ललिता पवारांसाठी हिरोईनच्या भूमिकांचं दार बंद झालं.

बऱ्याच पोस्टमध्ये असं लिहिलेलं असतं की यानंतर त्या वर्षानुवर्षं घरी बसून होत्या आणि मग अचानक सासू म्हणून परतल्या. पण सिनेमांच्या तारखा वेगळं सांगतात. १९४४ मध्ये, म्हणजे अपघातानंतर दोनच वर्षांत, त्या मराठीतल्या एका फार मोठ्या सिनेमात दिसल्या. तो सिनेमा होता प्रभातचा ‘रामशास्त्री’.

‘ध’चा ‘मा’ करणारी आनंदीबाई

पेशवाईतल्या न्यायाधीश रामशास्त्री प्रभुण्यांवरचा हा सिनेमा. रामशास्त्रींची भूमिका गजानन जागीरदारांनी केली होती. १७७३ मध्ये शनिवारवाड्यात नारायणराव पेशव्यांचा खून झाला आणि त्यासाठी रामशास्त्रींनी थेट राघोबादादांना दोषी ठरवलं, हा त्या सिनेमाचा गाभा.

या प्रकरणातली आनंदीबाई कुठल्याही मराठी माणसाला सांगावी लागत नाही. नारायणरावांना धरावे असा हुकूम होता आणि आनंदीबाईंनी ‘ध’चा ‘मा’ केला, ही आख्यायिका आपण शाळेत असल्यापासून ऐकत आलोय. इतिहासाचे अभ्यासक तिच्या खरेपणावर वाद घालतील, पण लोकांच्या मनात आनंदीबाई म्हणजे कारस्थान हे पक्कं बसलंय.

ती आनंदीबाई ललिता पवारांनी केली.

वय अठ्ठावीस. चेहऱ्यावर ताजी जखम. समोर असा प्रेक्षक, ज्याने कालपर्यंत त्यांना हिरोईन म्हणून पाहिलं होतं. अशा वेळी त्यांनी महाराष्ट्राच्या इतिहासातली सगळ्यात बदनाम स्त्री साकारायला घेतली. डोळा लपवायचा म्हणून कॅमेऱ्याकडे एकच बाजू करून उभं राहणं शक्य होतं. लहानसहान भूमिका घेऊन दिवस काढणंही शक्य होतं. त्यांनी कॅमेऱ्याकडे सरळ बघायचं ठरवलं.

इथून पुढे तो डोळा त्यांची ओळख बनला.

सासू कशी तयार झाली

सिनेमात चरित्र अभिनेता किंवा चरित्र अभिनेत्री म्हणजे नेमकं कोण, हे इथे समजून घेऊ. पोस्टरवर हिरो-हिरोईन असतात. पण गोष्ट पुढे सरकते ती त्यांच्या आजूबाजूच्या माणसांमुळे. मुलीचं लग्न मोडणारा बाप, भाडं मागायला येणारी घरमालकीण, कान भरणारी आत्या, खाष्ट सासू. या भूमिकांमध्ये वाढ व्हायला वाव कमी असतो. पडद्यावर मोजकी मिनिटं मिळतात. तेवढ्या वेळात प्रेक्षकाला ते माणूस खरं वाटलं पाहिजे, नाहीतर हिरोच्या दुःखालाही अर्थ उरत नाही.

ललिता पवारांनी हे ओळखलं होतं. आणि पन्नाशीच्या दशकातल्या हिंदी सिनेमाला नेमकी त्यांचीच गरज होती.

१९५० मध्ये व्ही. शांताराम यांचा ‘दहेज’ आला. मुलीचे वडील होते पृथ्वीराज कपूर, मुलगी होती जयश्री आणि सासू होत्या ललिता पवार. हुंडा मिळाला नाही म्हणून ही सासू सुनेचं जगणं मुश्कील करते. शेवटी बाप होतं नव्हतं ते विकून हुंड्याचं सगळं सामान घेऊन येतो, पण तोवर उशीर झालेला असतो. मुलगी जगत नाही.

हा सिनेमा आला तेव्हा देशात हुंडाबंदीचा कायदा नव्हता. तो आला १९६१ मध्ये. म्हणजे पडद्यावर दिसत होतं ते कितीतरी घरांत रोज घडत होतं, आणि त्याला कायद्याचा धाकही नव्हता. सिनेमा बघायला आलेल्या बायकांपैकी अनेकींनी ती सासू आपल्या घरी पाहिली होती. ललिता पवारांबद्दल लोकांच्या मनात जो राग साठला, तो अशा सासूबद्दलचा राग होता. प्रत्यक्ष घरात जो बोलून दाखवता येत नव्हता, तो थिएटरच्या अंधारात बाहेर पडायचा.

आणि ही सासू साकारणाऱ्या बाईंचं तेव्हाचं वय होतं चौतीस.

वयाचा हा हिशोब त्यांच्या सगळ्या कारकिर्दीत दिसतो. ‘सुजाता’मध्ये त्या सुनील दत्त यांच्या आजी झाल्या. दोघांच्या वयात अंतर होतं तेरा वर्षांचं. ज्यांची त्या आईच्या मायेने काळजी घेताना दिसतात, ते राज कपूर त्यांच्यापेक्षा फक्त आठ वर्षांनी लहान होते. हिरो चाळिशीतही कॉलेजकुमार व्हायचे आणि त्यांच्याच वयाच्या बायकांना पांढरे केस लावून आजी केलं जायचं. ललिता पवारांना अपघाताने या रांगेत वेळेआधी उभं केलं. पण अपघात झाला नसता तरी पाच-दहा वर्षांत ती वेळ आलीच असती. त्यांच्यासोबतच्या बहुतेक हिरोईन त्या टप्प्यावर पडद्यावरून दिसेनाशा झाल्या. त्या मात्र तिथून पुढे आणखी चाळीस वर्षं कामं करत राहिल्या.

एकाच वर्षातल्या दोन बायका

फक्त सासू, फक्त खलनायिका हा शिक्का किती अपुरा आहे, हे बघायचं असेल तर १९५५ हे एकच वर्ष बघा.

त्या वर्षी राज कपूर यांचा ‘श्री ४२०’ आला. अलाहाबादहून मुंबईत आलेला राजू खिशात फारसं काही नसताना फुटपाथवरच्या केळेवालीशी घासाघीस करतो. दोन आण्यात तीन केळी हवीत यावरून दोघांची जुंपते. ती केळेवाली गंगामाई म्हणजे ललिता पवार. आधी खेकसणारी ही बाई नंतर त्या अनोळखी पोराला मायेने जवळ करते. मोठ्या शहरात आल्यावर अशी एखादी गंगामाई भेटली म्हणून टिकलेली माणसं आजही मुंबईत सापडतील.

त्याच वर्षी गुरुदत्त यांचा ‘मिस्टर अँड मिसेस ५५’ आला. त्यात ललिता पवार होत्या मधुबालाची श्रीमंत आत्या सीतादेवी. स्त्रियांच्या हक्कांसाठी लढणारी, पुरुषांवर अजिबात विश्वास नसलेली, भाचीचं लग्न फक्त कागदावर लावून लगेच घटस्फोट मिळवायच्या तयारीत असलेली. याच वर्षी हिंदू विवाह कायदा आला आणि हिंदू स्त्रीला घटस्फोट मागायचा हक्क मिळाला. सिनेमा सीतादेवीची खिल्ली उडवतो, तिला हास्यास्पद ठरवतो. पण आज तो सिनेमा बघताना तिचे अनेक मुद्दे पटतात. याचं एक कारण म्हणजे ललिता पवारांनी ती भूमिका थट्टेवारी नेलेली नाही. सीतादेवी जे बोलते त्यावर तिचा पूर्ण विश्वास आहे, हे त्यांच्या चेहऱ्यावर दिसतं.

फुटपाथवरची केळेवाली आणि बंगल्यातली सीतादेवी. लुगडं बदललं, चाल बदलली, बोलण्याचा ठसका बदलला. डोळा मात्र तोच होता.

मिसेस डिसा

चार वर्षांनी हेच पुन्हा घडलं, आणि जास्त ठळकपणे.

१९५९ मध्ये बिमल रॉय यांचा ‘सुजाता’ आला. अस्पृश्य मानल्या गेलेल्या समाजातली अनाथ मुलगी ब्राह्मण घरात वाढते, त्या मुलीची ही गोष्ट. मुलीला घरात ठेवायला विरोध करणारी, तिच्या सावलीनेही अस्वस्थ होणारी कर्मठ आत्या होत्या ललिता पवार. इथे त्या ओरडत नाहीत, कारस्थानं करत नाहीत. आपण वागतोय तोच धर्म आहे, अशी त्या बाईची प्रामाणिक समजूत असते. जातीचा तिरस्कार बऱ्याचदा असाच, सोवळ्यात गुंडाळून येतो. म्हणून ही भूमिका त्यांच्या आरडाओरडा करणाऱ्या सासवांपेक्षा जास्त बोचते.

त्याच वर्षी हृषीकेश मुखर्जी यांचा ‘अनाडी’ आला. साधाभोळा, प्रामाणिक राज कपूर ज्या घरात भाड्याने राहतो, त्या घराची ख्रिश्चन मालकीण म्हणजे मिसेस डिसा. तोंडाने सतत तोफखाना सुरू. भाडं थकलं म्हणून बोलणी, उशीर झाला म्हणून बोलणी. आणि पोराचं पोट भरलंय की नाही याची काळजी तिलाच जास्त. पुढे एका कंपनीच्या विषारी औषधाने मिसेस डिसाचा जीव जातो आणि खुनाचा आळ राजवर येतो. पैशासाठी सदोष औषध बाजारात ठेवणारे प्रतिष्ठित लोक आणि भाडेकरूसाठी जीव टाकणारी साधी बाई, असा तो सामना आहे. मिसेस डिसा आपल्याला आपली वाटली नसती, तर तिच्या मृत्यूनंतरच्या सिनेमात काही उरलंच नसतं.

या भूमिकेसाठी ललिता पवारांना सर्वोत्कृष्ट सहाय्यक अभिनेत्रीचा फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. ज्या बाईला सगळा देश खाष्ट सासू म्हणून ओळखत होता, तिच्या वाट्याला हा मान आला तो एका मायाळू भूमिकेसाठी.

हृषीकेश मुखर्जींना त्यांच्यातली ही बाजू पक्की कळली होती. १९६१ मध्ये त्यांनी ‘मेम-दीदी’ काढला. यात ललिता पवार नावाच्या भूमिकेत होत्या, म्हणजे सिनेमाचं नावच त्यांच्या पात्रावरून होतं. वस्तीतल्या दोन दांडगट माणसांना ही प्रौढ बाई वठणीवर आणते आणि ते दोघं तिचे भाऊ होऊन जातात. ते दोघं होते डेव्हिड आणि जयंत. म्हणजे एरवी हिरोच्या आजूबाजूला असणारे तिघं चरित्र कलाकार इथे मध्यभागी होते. ज्या काळात तरुण जोडीशिवाय सिनेमा विकला जाणार नाही असं मानलं जायचं, त्या काळात हे धाडसच होतं.

पुढे १९७१ च्या ‘आनंद’मध्येही मुखर्जींनी त्यांना बोलावलं. रमेश देव यांच्या डॉ. प्रकाशच्या नर्सिंग होममधली कडक शिस्तीची मेट्रन, जी आनंदपुढे विरघळून जाते. तिचंही आडनाव डिसाच होतं.

प्रेमात पडणारी बाई

एकीकडे पुरस्कार मिळत होते. १९६१ मध्ये संगीत नाटक अकादमीनेही त्यांचा सन्मान केला. दुसरीकडे व्यावसायिक सिनेमाला त्यांची कडक आई हवीच होती. त्याच वर्षीच्या ‘जंगली’मध्ये त्या शम्मी कपूरच्या आई झाल्या. घरात कुणी हसायचं नाही, असा त्या घराचा नियम. शम्मी कपूर बर्फात लोळून आरोळी ठोकतो ती याच शिस्तीविरुद्ध. ती शिस्त खरी वाटली नसती, तर त्या आरोळीत एवढी मजा आली नसती.

पण त्यांच्या कारकिर्दीतली सगळ्यात अनपेक्षित भूमिका आली १९६२ च्या ‘प्रोफेसर’मध्ये. शम्मी कपूरला नोकरीची गरज असते आणि मुलींना शिकवायला फक्त वयस्कर शिक्षकच ठेवायचा, अशी घरच्या सीतादेवीची अट असते. म्हणून तो म्हाताऱ्याचं सोंग घेऊन शिकवायला येतो. या कडक सीतादेवी म्हणजे ललिता पवार. आणि होतं असं की सीतादेवी या म्हाताऱ्या प्रोफेसरच्या प्रेमात पडतात.

सिनेमात हे विनोदासाठी आहे. प्रेक्षक हसतोही. पण सीतादेवी आरशात बघून नटायला लागतात, लाजायला लागतात, तेव्हा हसता हसता मध्येच थांबायला होतं. आयुष्यभर सगळ्यांवर पहारा ठेवण्यात गेलेल्या बाईला कुणीतरी आवडलंय आणि तो माणूसच खोटा आहे, हे आपल्याला माहीत असतं. तिला नसतं. सेहेचाळीस वर्षांच्या बाईलाही प्रेम करावंसं वाटू शकतं, हे त्या काळच्या हिंदी सिनेमात क्वचितच कुणी दाखवलं असेल. ललिता पवारांनी ते हसवता हसवता दाखवलं.

तीस वर्षांनी सून बदलली

साठच्या, सत्तरच्या दशकात भूमिका येत राहिल्या. काळे-पांढरे सिनेमे जाऊन रंगीत आले, हिरोंच्या दोन पिढ्या बदलल्या. १९८० मध्ये एक सिनेमा आला, ‘सौ दिन सास के’. सासू अर्थातच ललिता पवार. थोरल्या सुनेचा, म्हणजे आशा पारेखचा, छळ सुरू असतो. मग रीना रॉय त्याच घरात धाकटी सून होऊन येते आणि सासूला तिच्याच भाषेत उत्तर देते.

‘दहेज’ आणि ‘सौ दिन सास के’ एकापाठोपाठ ठेवून बघितले तर एक गोष्ट लक्षात येते. मध्ये तीस वर्षं गेलीत. १९५० ची सून सोसत सोसत मरते. १९८० ची सून पदर खोचून उभी राहते. बदलली ती सून. समोरची सासू मात्र तीच अभिनेत्री आहे. भारतीय घरातल्या बाईचं बळ किती वाढलं हे मोजायला जणू एकच पट्टी वापरली गेली, आणि ती पट्टी होती ललिता पवार.

शेवटची मोठी भूमिका छोट्या पडद्यावर

२५ जानेवारी १९८७ ला दूरदर्शनवर ‘रामायण’ सुरू झालं. तेव्हा ललिता पवार सत्तर वर्षांच्या होत्या. मूकपटातून सुरुवात केलेली अभिनेत्री आता टीव्हीवर आली होती. अयोध्येच्या त्या राजवाड्यात मराठी माणसं आणखीही होती. दशरथ झाले होते बाळ धुरी आणि कौसल्या होत्या जयश्री गडकर. कैकेयी होत्या पद्मा खन्ना.

मंथरेकडे ना राज्य असतं ना अधिकार. तिच्याकडे फक्त शब्द असतात. ललिता पवारांची मंथरा कैकेयीजवळ येते, थांबते, पुन्हा बोलते. आधी कैकेयी तिला झिडकारते, तरी ती हटत नाही. आपल्या मालकिणीचं भलं फक्त आपल्यालाच कळतं, याची तिला खात्री आहे. १९४४ ची आनंदीबाई आणि १९८७ ची मंथरा, दोघींनी राजवाड्यात बसून शब्दांच्या जोरावर इतिहास फिरवला, असं लोक मानतात. कारकिर्दीच्या या टोकाच्या आणि त्या टोकाच्या अशा दोन्ही भूमिका एकाच बाईने केल्या.

अखेरच्या काळात त्या पुण्यात औंधला राहत होत्या. २४ फेब्रुवारी १९९८ रोजी, वयाच्या ८१ व्या वर्षी त्यांचं निधन झालं. ज्या पुण्यात लहानपणी पहिल्यांदा सिनेमाशी गाठ पडली होती, त्याच पुण्यात हा प्रवास थांबला.

मग त्या थपडेचं काय?

थपडेने ललिता पवारांकडून एक डोळा आणि हिरोईनचं करिअर हिरावून घेतलं, हे खरंच आहे. त्यात गोड मानून घेण्यासारखं काही नाही. एका तरुण अभिनेत्रीला कामाच्या ठिकाणी कायमची इजा झाली, एवढीच ती घटना आहे. जे झालं ते चांगल्यासाठीच झालं, असं म्हणणं सोपं आहे, पण ते त्यांच्यावर अन्याय करणारं आहे.

आणि अधू डोळ्यामुळे त्या चांगल्या खलनायिका झाल्या, हे म्हणणंही पटत नाही. तसं असतं तर गंगामाई जमली नसती. मिसेस डिसा जमली नसती. प्रोफेसरची वाट बघणारी सीतादेवी तर मुळीच जमली नसती. ‘दहेज’मध्ये ज्या डोळ्याची भीती वाटते, तोच डोळा ‘अनाडी’मध्ये पाणावतो तेव्हा आपल्याही डोळ्यांत पाणी येतं. डोळ्यात काय दिसावं हे ठरवणारी बाई त्या डोळ्यामागे होती.

त्यामुळे पुढच्या वेळी कुणी घरात ललिता पवारांचं नाव टोमणा म्हणून घेतलं, तर त्या संध्याकाळी ‘अनाडी’ लावा. मिसेस डिसा भाड्यावरून राजला झापत असते आणि झापता झापता त्याच्या जेवणाचीही चौकशी करते. तेवढा एक प्रसंग घरच्यांना दाखवा.